लाल पागोट्यावर टांगलेलं कॅलेंडर

लाल शाई मास्तरला मिळते ती पोरांच्या चुकांवर गोल करायला. वार्षिक परीक्षेचे पेपर तपासता तपासता मी ती एकदा सासऱ्यांच्या पागोट्याला लावली. सासरे तिथं नव्हते. ते उमरखेडच्या पलीकडं, आपल्या गावी, आपल्या वावरात असतील. पागोटंही त्यांचं नव्हतं. भिंतीला चिकटवलेल्या एका छापील व्यंगचित्रातल्या पाहुण्याचं होतं. पण रंग दिल्याबरोबर तो पाहुणा सासऱ्यांसारखा दिसायला लागला आणि मला कोण आनंद झाला. मग टाक काळ्या शाईत बुडवून मी त्याच्या मिशा जाड केल्या. मग त्याच्या छत्रीच्या मुठीला सुतळी गुंडाळली, कारण सासऱ्यांच्या छत्रीला तशीच सुतळी होती. मागं सरून पाहिलं, एकट्यानंच हसून घेतलं आणि पुढच्या पेपरातल्या भागाकाराला शून्य दिलं.

बायको तेव्हा पहिल्या बाळंतपणाला माहेरी गेली होती. घरात मी, मांजर आणि त्रेपन्न पेपर. अशा वेळी माणसाच्या हातून काय काय होतं ते सांगण्यासारखं नसतं. मी सांगतो आहे, कारण आता मीच कोणाचा तरी सासरा झालो आहे आणि जावयाच्या घरी गेलो की आधी भिंती पाहून घेतो.

साठ सालानंतरची ती दोनतीन वर्षं. फुलसावंगीहून बैलगाडीनं तासाभराच्या वाटेवर एक गाव होतं, तिथल्या प्राथमिक शाळेत मी मास्तर होतो. राहायला मातीच्या दोन खोल्या. मातीच्या भिंतींचा एक गुण असा, की उन्हाळ्यात गार राहतात. दुसरा गुण असा, की झोपलेल्या माणसाच्या तोंडात थोड्या थोड्या पडत राहतात. त्यावर आम्हा मास्तर लोकांचा एक ठरलेला उपाय होता. कणकेची खळ शिजवायची, कसर लागू नये म्हणून तिच्यात मोरचूद घालायचं आणि भिंतभर कागद चिकटवून टाकायचे. बाकीचे मास्तर जुनी वर्तमानपत्रं लावत. माझ्याकडं दिवाळी अंकांचा गठ्ठा होता. लग्नात माझ्या बाजूनं घरात आलेली तेवढीच इस्टेट.

मी गोष्टी आणि लेखांची पानं भिंतीकडं तोंड करून लावली आणि व्यंगचित्रांची पानं माणसांकडं. मला व्यंगचित्रांचं फार वेड. चिकटवताना मात्र एक घोटाळा झाला. कागद एकावर एक चढत गेले आणि जवळजवळ प्रत्येक चित्राखालची ओळ वरच्या कागदाखाली झाकली गेली. म्हणजे चित्र दिसे, पण त्यात हसायचं काय ते सांगणारं वाक्य गायब. मला त्याचं काही वाटलं नाही. मला सगळे विनोद पाठ होते.

ते विनोद आज आठवले की वाटतं, मी कोणत्या मुलखात राहत होतो आणि कोणत्या मुलखातलं हसत होतो. त्या चित्रांत एक बायको असे. ती जाडी असे आणि लाटणं घेऊन दारामागं उभी असे. तिचा नवरा काडीसारखा, बूट हातात घेऊन चोरपावलानं येणारा. एक साहेब असे, त्याच्या टेबलावर टेलिफोन. एक पुढारी असे, त्याचं पोट त्याच्या आधी सभेत पोचे. दोन दाढीवाले एका झाडाच्या बेटावर बसलेले असत. आमच्या गावात टेलिफोन नव्हता, साहेब वर्षातून एकदा यायचा, तोही सायकलवर, आणि बेट कोणी पाहिलं नव्हतं. माझी बायको माझ्यापेक्षा बारीक. तिनं माझ्यावर आवाजसुद्धा चढवला नव्हता. पण मास्तरांची महिन्याची सभा भरली की मी आपला सांगणार, “चला हो, उशीर झाला, घरी लाटणं वाट पाहून राह्यलं.” सगळे हसायचे. आमच्यापैकी एकालाही कोणी लाटण्यानं मारलेलं नव्हतं. नवऱ्यानं बायकोला भ्यायचं असतं आणि सासुरवाडीला वैतागायचं असतं, हे आम्ही अंक वाचून शिकलो होतो. ज्या शहरात ते छापलं जायचं तिथं तसं असेलही. आम्हाला छापून आलेलं सगळंच खरं वाटायचं.

आमच्या भिंतीचा खरा वाचक वेगळाच निघाला. बायको लेक घेऊन परत आली तेव्हा लेकीला न्हाऊ घालायला गावातली एक बुढी रोज यायला लागली. सत्तरीची असेल. अक्षर एक येत नव्हतं. आत खोलीत ती पाय लांब करून बसायची, पायांवर लेक आडवी टाकायची, तेल चोळायची आणि समोरची भिंत पाहायची. ओळी झाकलेल्या असल्यामुळे तिचा हात धरणारं कोणी नव्हतं. लाटणंवाल्या बाईकडं पाहून ती पहिल्या दिवशीच म्हणाली, “सणाचा दिवस दिसते.”

मी म्हटलं, “काहून?”

“बेलनं हाय ना हातात. पुरणाच्या पोळ्या करून बसली बिचारी अन् हा आता येऊन राह्यला. रागावन नाई तं काय करन?”

आमच्याकडं रोजची भाकर हातावर थापतात. बेलनं निघायचं ते सणावारालाच. मी चित्राकडं नव्यानं पाहिलं. खरंच, बाई बरोबर होती आणि नवराच नालायक होता.

पोटवाल्या पुढाऱ्याला पाहून ती हळहळली. “पोटात पाणी झालं याच्या. आमच्या भासऱ्याले असंच झालतं.” भासरा म्हणजे तिचा थोरला दीर. बेटावरच्या दोघांना तिनं पैनगंगेच्या पुरात अडकवलं. साहेबाच्या चित्रात खुर्चीवर एक टंकलेखन करणारी बाई बसलेली होती आणि शेजारी साहेब कागद घेऊन वाकून उभा होता. बुढी म्हणाली, “साहेबीन चांगली हाय. पण तिचा हा चपराशी मले बरा नाई वाटत. लय जवळ उभा राह्यते.” यात तर तिचं काहीच चुकलं नव्हतं.

मी संध्याकाळी हे हेडमास्तरांना रंगवून सांगायचो आणि दोघं तिला हसायचो. फक्त एका चित्राबद्दल मी तिला कधी विचारलं नाही. लाल पागोटंवाल्या.

ते चित्र असं होतं. एका शहरातल्या खोलीत खेड्यातून आलेला पाहुणा खुर्चीत ऐसपैस बसलेला. पायाशी ट्रंक, मांडीवर छत्री. घरमालक त्याच्या नाकासमोर कॅलेंडर धरून एका तारखेवर बोट ठेवतो आहे. दारात मालकीणबाई पाहुण्याचे जोडे हातात घेऊन उभी. म्हणजे महिना झाला, आता निघा. तिकडं तेव्हा खोल्या लहान, साखर रेशनवर, आणि गावाकडचा पाहुणा म्हणजे संकट. दरवर्षी दर अंकात हा पाहुणा असायचाच. त्यात माझी लाल शाई. बायकोनं ते पाहिलं होतं की नाही, मला ठाऊक नव्हतं. विचारायची सोयही नव्हती.

आता सासऱ्यांबद्दल. आमच्याकडं जुन्या लोकांत एक रीत होती. लेकीला मूल होईपर्यंत बाप तिच्या घरचं अन्न घेत नसे. पुष्कळांनी ती सोडून दिली होती. सासऱ्यांनी घट्ट धरली होती. लग्नानंतर ते दोनदा आमच्याकडं येऊन गेले. दोन्ही वेळा ओसरीवर बसले, घरून बांधून आणलेली भाकर खाल्ली आणि बरोबर आणलेल्या फिरकीच्या तांब्यातलं पाणी प्यायले. बायको समोर नुसती बसून होती. तिचं दुःख लोकांना सांगण्यासारखं नव्हतं, पण मोठं होतं. सहा भावंडांत स्वयंपाकाचा हात तिचा. माहेरी बाप तिच्या हातचं जेवूनच वावरात जायचा. आणि तिचं स्वतःचं घर झालं, स्वतःची चूल झाली, तर तोच माणूस तिच्या दारात बसून बांधून आणलेली शिळी भाकर खात होता.

लेक घेऊन माहेराहून परत आल्यावर बायकोनं पहिलं पत्र लिहिलं ते वडलांना. दिवाळीच्या तोंडावर त्यांचं उत्तर आलं. पंचमीला येतो, तुह्या घरी जेवतो, जमलं तर दोन दिवस राहतो. पत्र दुसऱ्याकडून लिहवून घेतलेलं होतं, पण खाली अंगठ्याएवढ्या अक्षरांत सही त्यांची होती. बायकोनं ते पत्र तांदळाच्या डब्यात ठेवलं. त्या आठवड्यात तिनं डाळ निवडली, लोणी कढवलं, सुताराकडून सागवानाचं नवीन बेलनं करून आणलं. मला दिवाळीची सुट्टी होती. मी ओसरी सारवायचं पाणी आणून दिलं आणि ‘सासरे येणार’ या विषयावरचे छापील विनोद मनातल्या मनात घोळवत बसलो.

चवथीच्या दुपारी बायको म्हणाली, “बाबाची बाज या भिंतीसमोर टाकू. तिकडल्या खोलीत कणगी हाय, अन् चुलीचा धूर येते.”

या भिंतीसमोर म्हणजे लाल पागोट्यासमोर. बाजेवर बसलं की चित्र बरोबर डोळ्यांसमोर.

बायको विहिरीवर गेली तसा मी कामाला लागलो. नखानं खरवडलं तर नुसती माती निघाली. मोरचुदाची खळ फार चांगली झाली होती. मग ओलं फडकं लावलं. लाल शाई पसरली आणि पागोटं होतं त्याच्या दीडपट झालं. दुसरा कागद लावावा तर खळ शिजेपर्यंत बायको विहिरीवरून परत येणार, आणि खळ कशाला हवी ते सांगावं लागणार. शेवटी पलीकडच्या खोलीतलं कॅलेंडर काढून आणलं. कुठल्याशा कापडदुकानाचं, वर देवाचं चित्र, खाली तारखा आणि तिथी. चित्राच्या वर एक खिळा ठोकला आणि कॅलेंडर टांगलं. पागोटं, मिशा, छत्री, सगळं झाकलं. मी इतका खूष झालो की त्या चित्रातल्या मालकाच्या हातातही कॅलेंडरच आहे, हे माझ्या डोक्यात आलंच नाही.

पंचमीला सासरे सकाळच्या गाडीनं फुलसावंगीला उतरले. मी बैलगाडी घेऊन गेलो होतो. लाल पागोटं, काखेत सुतळीची छत्री, हातात पिशवी. पिशवीत फिरकीचा तांब्या होता तो सवयीनं, पण रिकामा. गाडीत ते फारसं बोलले नाहीत. एकदाच म्हणाले, “जवाईबुवा, आज तुमच्या घरचं पाणी पेयाचं हाय. सकाळपासून थेंब घेतला नाई.”

घरी आले. नातीला घेतलं. बायकोनं तांब्याभर पाणी पुढं केलं, त्यांनी ते घटाघटा पिऊन टाकलं आणि रिकामा तांब्या तिच्या हातात दिला. ती तो घेऊन आत गेली आणि बराच वेळ बाहेर आली नाही. नंतर आतून पुरण वाटण्याचा आवाज सुरू झाला. सासरे बाजेवर बसले. बुढी आली, लेकीला पायांवर घेऊन तेल चोळायला लागली. सगळं फार छान चाललं होतं.

मग सासऱ्यांना तिथी पाहायची आठवण झाली.

“चवथ केव्हा सरली? आता पंचमी लागली का नाई? लेकीघरचं पयलं जेवण, पंचमी लागल्यावर बसावं.”

मी म्हटलं, “लागली बाबा. सकाळीच लागली.”

“पाहून घेऊ नं.” ते उठले. कॅलेंडरजवळ गेले, डोळे बारीक केले आणि नीट दिसावं म्हणून ते आपल्याकडं ओढलं. मातीच्या भिंतीतला खिळा तो. ढेकूळभर माती घेऊन कॅलेंडरसकट त्यांच्या हातात आला.

मागं चित्र. मी कॅलेंडर झटकून पुन्हा लावायला धावलो, पण ते तोवर पाहायला लागले होते. आधी पागोटं पाहिलं. मग मिशा. मग छत्रीची सुतळी त्यांनी बोटानं चाचपून पाहिली. मग चित्रातल्या मालकाच्या हातातलं कॅलेंडर पाहिलं, आणि मग आपल्या हातातलं.

बुढी चपचप तेल चोळतच होती.

सासरे रागावले असते तर बरं झालं असतं. ते फक्त बाजेवर बसले, कॅलेंडर शेजारी ठेवलं आणि म्हणाले, “परतीची गाडी किती वाजता हाय?”

आता मी गप्प बसायला हवं होतं. पण मास्तर माणूस, समजावून सांगायची खोड. मी म्हटलं, “बाबा, हे तुमच्यासाठी नाही. हे तिकडं पुण्या-मुंबईकडचं असते. तिकडं खोल्या लहान असतात, माणूस आला का अडचण होते, मग ते लोक असं गमतीनं…”

“तुमचीबी खोली लहानच हाय,” सासरे म्हणाले.

“नाही, तसं नाही. तो पाहुणा वेगळा हाय.”

“सुतळी कोन गुंडाळली?”

मी खिळ्याबरोबर पडलेली माती पायानं गोळा करायला लागलो.

आवाज ऐकून बायको दारात आली. हातात नवं बेलनं, मनगटापर्यंत पीठ. तिनं बाप पाहिला, भिंत पाहिली, मला पाहिलं. सासरे पागोटं सारखं करत म्हणाले, “माय, माह्या पोटात बरं नाई. जेवायचं पुढच्या टायमाले पाहू. गाडी सापडते आता निघालो तं.”

इतकी वर्षं मी ज्या चित्राला हसत आलो ते माझ्या घरात उभं होतं. बायको दारात, हातात बेलनं. दिवाळी अंकांतल्या कुठल्याच बायकोच्या डोळ्यांत कधी पाणी काढलेलं मी पाहिलं नव्हतं. तशी पद्धतच नव्हती. त्यांच्या डोक्यावर रेषा असत, तोंडातून फुल्या-फुल्या निघत. माझ्या बायकोच्या तोंडून काहीही निघालं नाही. ती आत वळली. मला वाटलं, चुलीपाशी रडायला गेली. पलीकडच्या खोलीतून ओसरीवर जायला एक दार होतं, ते तेव्हा माझ्या ध्यानात आलं नाही.

सासऱ्यांनी छत्री उचलली, पिशवी उचलली, नातीच्या डोक्यावर हात ठेवला आणि ओसरीवर गेले. मी मागोमाग. पायरीशी ते थांबले. खाली पाहिलं, इकडं पाहिलं, तिकडं पाहिलं.

“माहे जोडे कोठी हायेत?”

जोडे नव्हते. मी ओसरीखाली पाहिलं, तुळशीमागं पाहिलं. कुत्र्यानं नेले म्हणावं तर गल्लीत कुत्रं नव्हतं. आता मात्र सासरे खरोखर चिडले. “जा बी म्हणता अन् जाऊ बी देत नाई. ही कोनती तऱ्हा?”

आतून बुढी म्हणाली, “बुढेबुवा, कायले शोधून राह्यले? ते काय सापडतेत आता?”

सासरे वळून दारात आले. “काहून?”

“चित्रात पाहा नं.” बुढीनं तेलाचा हात भिंतीकडं केला. लेक तिच्या पायांवर पालथी, मान वर करून तिकडंच पाहत होती. “रोज पाहून राह्यली मी. पाव्हणा जातो म्हणते, छत्री घेऊन बसला. अन् ही घरधनीन पाहा दारात. लेकच असन त्याची. तिनं जोडे उचलले, चालली लपवाले. बाप जाऊ नाही म्हणून.”

आमच्याकडं पाहुणा निघतो म्हणाला की घरातली बाई त्याचे जोडे लपवते. ही रीत लहान पोरालाही माहीत. मला पण माहीत होती. मी त्या गावात नवा असताना हेडमास्तरांच्या बायकोनं माझ्या चपला सरपणात लपवून मला दोन दिवस ठेवून घेतलं होतं. ती रीत मी आयुष्यभर पाहिली आणि ते चित्र वर्षभर पाहिलं, पण दोन्ही एका जागी ठेवून पाहायचं मला सुचलं नाही. मी अंक वाचलेला माणूस.

सासरे चित्राजवळ गेले. दारातल्या बाईच्या हातातले जोडे पाहिले.

“अन् हा?” त्यांनी मालकावर बोट ठेवलं. आवाजातला राग अजून गेला नव्हता.

“तो जवाई. तारीख दाखवून राह्यला, या दिवसापावतर राहाच म्हणते. अन् हा पाव्हणा मोठा अडेल, आयकत नाई. पाहा ना तोंड कसं फुगवलं.”

पाहुण्याचं तोंड फुगलेलं होतं हे खरं. ते चित्रकारानं खाऊन खाऊन फुगवलं होतं. सासरे त्या तोंडाकडं बघत राहिले. मग माझ्याकडं. माझ्या चेहऱ्यावर तेव्हा जे काही होतं ते निदान शहाणपणाचं नव्हतं, त्यामुळे त्यांना माझी कीव आली असावी.

“पागोटं तुम्हीच रंगवलं?”

मी मान डोलावली.

“लयच मोठं झालं. माहं एवढं नाई.”

“ओलं फडकं लागलं, बाबा.”

ते आतल्या दाराकडं वळून म्हणाले, “माय, माहे जोडे कोठी टाकले तू?”

चुलीपाशी पोळी उलटण्याचा आवाज झाला. बायकोनं तिथूनच सांगितलं, “मले काय मालूम. जेवण झालं का शोधू.”

सासऱ्यांनी छत्री भिंतीला टेकवली. पिशवी खाली ठेवली. न्हाणीत जाऊन हातपाय धुवून आले. बायकोनं पाट मांडला. पुरणपोळी, वर तूप, वडाभात, कढी. पहिला घास घेऊन ते थांबले, तेव्हा आम्ही दोघंही थांबलो. बुढीनंसुद्धा लेकीच्या पाठीवरचा हात थांबवला.

“मिठाचा हात माहेरचाच हाय,” सासरे म्हणाले आणि मग पाच पोळ्या होईपर्यंत बोलले नाहीत. बायको वाढत होती, आत जात होती, परत येऊन वाढत होती. आत जाताना दरवेळी पदरानं तोंड पुसायची. धूर त्या दिवशी जरा जास्तच असावा.

जेवण झाल्यावर त्यांनी बाजेवर पडलेलं कॅलेंडर उचललं आणि आपल्या लेकीपुढं धरलं. “बुढीबाई म्हणते ना, जवाई तारीख दाखवते. कोनती तारीख?”

मी पुढं होऊन पत्रात ठरल्याप्रमाणं दोन दिवसांनंतरच्या सप्तमीवर बोट ठेवलं. बायकोनं माझं बोट बाजूला केलं. तिचं बोट अष्टमीवरून, नवमीवरून, एकादशीवरून सरकत गेलं आणि पुनवेवर थांबलं.

“पुनवेपावतर,” ती म्हणाली.

“कापसाची वेचणी हाय माय घरी.”

“भाऊ पाह्यते ना वेचणी.”

जोडे ज्वारीच्या कणगीत होते. पुनवेपर्यंत ते तिथंच राहिले. सासरे माझ्या जुन्या वहाणा घालून गावात फिरले आणि माझ्या वहाणा मोठ्या करून परत दिल्या.

अकरा दिवस. सासरे पहाटे उठून खाकरायचे, त्यानं मी उठायचो. त्यांना चहात साखर तीन चमचे लागायची. डबा पाच दिवसांत तळाला गेला. संध्याकाळी ते मला बाजेवर शेजारी बसवून पऱ्हाटीच्या, म्हणजे कपाशीच्या, किडीबद्दल सांगायचे. रोज तीच कीड, तेच वावर. सुट्टी संपून शाळा सुरू झाली, तर दुपारी शाळेत येऊन मागच्या बाकावर बसायचे आणि मी पाढे चुकतो का ते पाहायचे. एकदा चुकलो. त्यांनी ते संध्याकाळी बायकोला सांगितलं, बुढीला सांगितलं आणि एका येणाऱ्या-जाणाऱ्याला थांबवून सांगितलं. बायको मात्र त्या अकरा दिवसांत गाणं म्हणत भाकरी थापायची. मी तिला तशी पूर्वी ऐकली नव्हती. कॅलेंडर मी पुन्हा खिळ्याला लावलं होतं, पण या वेळी चित्राच्या शेजारी. झाकायचं कारण उरलं नव्हतं. सासरे आल्यागेल्याला बोलावून ते चित्र दाखवायचे आणि बुढीचा अर्थ आपला म्हणून सांगायचे.

पुनवेच्या दुसऱ्या दिवशी मी त्यांना फुलसावंगीच्या गाडीवर बसवून आलो. फिरकीचा तांब्या बायकोनं आमच्या घरच्या पाण्यानं भरून दिला होता आणि तो त्यांनी वाटभर मांडीवर धरला होता. घरी आलो, हुश्श करून बाजेवर आडवा पडलो. बायको भिंतीसमोर लेकीला घेऊन उभी होती. चित्र पाहत होती.

मी म्हटलं, “माझं चुकलं. रंगवायले नको होतं. बाबांसारखा दिसतो म्हणून रंगवला.”

“बाबासारखा तो कधी दिसतच नोयता,” ती म्हणाली. “मी आली तवाच पाह्यलं होतं. लाल पागोटं तं शंभर लोक घालतेत.” मग तिनं लेकीचं बोट धरलं आणि कॅलेंडर धरून उभ्या असलेल्या मालकाच्या तोंडावर ठेवलं. “हा मात्र हुबेहूब हाय. काल तुम्ही तारीख पाहाले चार डाव उठले. मी मोजून राह्यली होती.”